पावसाला आज्ञा आणि पावसाची याचना

पावसावर माणसाची आज्ञा चालते असा दावा करणारी विद्या खरी की खोटी, हा प्रश्न जेथे पाऊस मुबलक पडतो तेथे केवळ कुतूहलाचा ठरतो. परंतु सह्याद्रीने अडवलेल्या ढगांचे उरलेसुरले पाणी ज्याच्या वाट्याला येते त्या पर्जन्यछायेच्या पट्ट्यात, म्हणजे पंढरपूर तालुक्यातील करकंबसारख्या गावात, तो पोटाचा प्रश्न असतो, आणि म्हणूनच त्याची तात्त्विक बाजू येथे अधिक काटेकोरपणे तपासली पाहिजे.

या विद्येचे एक अतिप्राचीन शास्त्र तैत्तिरीय संहितेतील कारीरी इष्टीत सापडते. इष्टी म्हणजे धान्यादी द्रव्यांची आहुती देऊन करावयाचा लहान यज्ञ. आणि करीर, म्हणजे ज्याला मराठीत नेपती म्हणतात त्या काटेरी झुडपाची फळे, हे या इष्टीचे मुख्य द्रव्य असल्यामुळे तिला कारीरी हे नाव मिळाले. यजमानाने काळे वस्त्र परिधान करावे, करिराचे पीठ मधात कालवून त्याचे पिंड करावेत, काळविटाचे कातडे वापरावे, असे तिचे विधान आहे. काळ्या वस्तूंनी काळ्या मेघाला बोलवावे, ही साम्याची कल्पना त्यामागे स्पष्ट दिसते. तथापि कारीरीचे खरे महत्त्व तिच्या विधीपेक्षा मीमांसकांनी, म्हणजे वेदवाक्यांच्या अर्थाचा निर्णय करणाऱ्या पंडितांनी, तिच्याविषयी केलेल्या विचारात आहे. यज्ञाच्या फळांचे त्यांनी तीन प्रकार मानले: स्वर्गासारखे फळ मरणोत्तरच मिळते; पशुप्राप्तीसाठी केलेल्या चित्रा यागाचे फळ या जन्मी मिळेल किंवा पुढच्या; पण कारीरीचे फळ मात्र ऐहिकच, कारण पीक डोळ्यांसमोर करपत असताना ज्याने पाऊस मागितला त्याला पुढच्या जन्मीचा पाऊस देऊन काय उपयोग! या एका निर्णयाने मीमांसकांनी आपल्या शास्त्राचा एक भाग उघड्या परीक्षेला बसवला, आणि हे त्यांचे बौद्धिक धैर्य मोठे मानले पाहिजे.

मग पाऊस पडला नाही तर? न्यायसूत्रांनी याच स्वरूपाच्या आक्षेपाला उत्तर दिले आहे. पुत्रेष्टी करूनही पुत्र होत नाही, म्हणून वेदवाक्य खोटे, असे प्रतिपक्षी म्हणतो. त्यावर नैयायिक सांगतो की दोष वाक्यात नसून कर्मात, कर्त्यात किंवा साधनात आहे, आणि या उणिवेला तो वैगुण्य म्हणतो. हे उत्तर तर्कदृष्ट्या निर्दोष असले तरी ते फार स्वस्त आहे, कारण प्रत्येक अपयशाला वैगुण्याची सोय असेल तर विद्या कधीच खोटी ठरू शकत नाही आणि पर्यायाने खरीही ठरू शकत नाही.

विदर्भातील गारपगारी हे या विद्येचे लौकिक रूप होय. नाथपंथाशी नाते सांगणाऱ्या या समाजाचा परंपरागत व्यवसाय मंत्रतंत्राने पिकांवरची गारपीट थांबवणे किंवा वळवणे हा होता, आणि त्याबद्दल गावाकडून त्यांना मोबदला मिळत असे. रसेल व हिरालाल यांच्या जातीजमातींवरील 1916 च्या ग्रंथात त्याचे वर्णन आहे. आकाशावर अधिकार सांगणारी ही पिढीजात पाठशाळाच म्हणावी लागेल.

आधुनिक काळात पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने 2018 आणि 2019 च्या पावसाळ्यांत सोलापूर परिसरातच मेघबीजनाचा, म्हणजे ढगांत क्षारकण सोडून पाऊस वाढवण्याचा, प्रयोग केला. निवडलेल्या 276 ढगांपैकी काहींत बीजन केले आणि काही मुद्दाम तसेच सोडले, हे त्यातील निर्णायक पाऊल होते. कारण न छेडलेला ढग समोर असल्याशिवाय पडलेला पाऊस कोणामुळे पडला हे सांगता येत नाही, आणि कारीरीच्या कर्त्याजवळ नेमका हाच दुसरा ढग नव्हता. सुमारे 100 चौरस किलोमीटर क्षेत्रात पावसात 18 टक्के सापेक्ष वाढ आढळली. हा दावा माफक आहे, पण त्याची मोजदाद करता येते.

परंतु विद्या सिद्ध झाली म्हणजे प्रश्न मिटला असे नाही; उलट अधिक कठीण प्रश्न तेथूनच सुरू होतो. पंढरपूर तालुक्यात शाळूचा, म्हणजे रब्बी ज्वारीचा, पेरा परतीच्या पावसाने धरलेल्या ओलीवर होतो, तर ऑक्टोबरच्या आसपास फळछाटणी झालेल्या द्राक्षबागेला तोच पाऊस डाऊनीचा रोग आणि घडकूज देऊन जातो. पुढे बेदाणा वाळत असताना आलेली अवकाळी सर उरलेले वर्ष धुऊन नेते. म्हणजे बांधाच्या एका बाजूला जो वृष्टिकाम, म्हणजे पाऊस इच्छिणारा, त्याचा दुसऱ्या बाजूचा शेजारी अवर्षणकाम असू शकतो. कारीरीचे विधान एकाच यजमानाची इच्छा गृहीत धरते, आणि गारपगाऱ्याने वळवलेली गार कोणत्या शिवारात पडावी याचा विचार त्याला मोबदला देणाऱ्या गावाने करण्याचे कारण नव्हते. आज्ञेच्या विद्येत ही उणीव मूळचीच आहे, आणि साधन अचूक झाल्याने ती भरून येत नाही, उलट वाढते.

गावोगावच्या धोंडीच्या प्रथेत मात्र वेगळी वृत्ती दिसते. अंगाला लिंबाचा पाला बांधलेले पोर, मुसळाला बांधलेला बेडूक आणि घरोघरच्या बायकांनी ओतलेले पाणी, एवढाच तिचा सरंजाम. बेडकाचे हाल होतात ही तिची अक्षम्य बाजू सोडली, तर तिच्यात आकाशाला हुकूम नाही, फक्त मागणे आहे, आणि ते मागणे शाळूवाल्याच्या व बागायतदाराच्या, दोघांच्याही दारात जाऊन उभे राहते.