पाहणाऱ्याचा अधिकार

गेल्या जत्रेच्या वेळी आमच्या गावच्या देवळात एक प्रौढ बाई कौलप्रसादास बसल्या होत्या. भटजी गाऱ्हाणे घालीत होते. मुलीच्या सासरचा काही गुंता होता, आणि तो देवापुढे सांगावयाचा असल्यामुळे त्यात आडपडदा नव्हता. सभामंडपातील खांबाशी उभ्या असलेल्या एका तरुणाने ते सारे आपल्या फोनमध्ये टिपले. आठवडा उलटला नाही तोच ते गाऱ्हाणे घरोघर पोचले. तरुण मनाने वाईट नव्हे. त्याला चित्रपट करावयाचे आहेत, आणि जे खरे तेच टिपावे एवढाच आपला हेतू होता, असे तो म्हणाला. आमची पंचाईत झाली ती येथेच. त्या चित्रात खोटे असे काहीच नव्हते.

मग दोष कोठे होता? खरे आहे एवढ्यावरून ते पाहण्याचा व दाखविण्याचा अधिकार प्राप्त होतो काय?

या विचारात असता आम्हांस पायल कपाडिया यांच्या आरंभीच्या लघुपटांचे स्मरण झाले. २०२४ साली कान महोत्सवात ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’ला ग्राँ प्री मिळाल्यापासून त्यांचे नाव सर्वतोमुखी झाले, परंतु आम्ही बोलतो ते त्यापूर्वीच्या, पुण्याच्या चित्रपटसंस्थेतील दिवसांविषयी. २०१७ सालचा ‘आफ्टरनून क्लाउड्स’ एका साठीच्या विधवेच्या व तिच्या घरी काम करणाऱ्या नेपाळी मुलीच्या दुपारीविषयी आहे. २०१८ साली बर्लिनला दाखविला गेलेला ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ हा तर आपल्या भीमाशंकरच्या अरण्यालगतच्या कोंडवळ गावचा. ज्योतिर्लिंगाच्या दर्शनास जाणारे आपण त्या झाडीतून किती वेळा गेलो असू! तेथे मधाच्या शोधात झाडांच्या शेंड्यांकडे पाहणारा नामदेव दिसतो. गावच्या स्त्रिया आपल्या हरवलेल्या प्रेमाची गुपिते कुजबुजतात. त्या मात्र दिसत नाहीत, केवळ ऐकू येतात.

हा आडपडदा आम्हांस फार मोलाचा वाटतो. लग्नात अंतरपाट धरतात तो काही वर-वधूंना परस्परांची ओळख नसते म्हणून नव्हे. पाहण्यालाही एक वेळ व मर्यादा असते म्हणून. गुपित ऐकू आले, पण त्याची धनीण झाकलेली राहिली, तर ऐकणाऱ्याला आपल्याच घरातली एखादी आत्या-मावशी आठवते. चेहरा दिसला असता तर आपण फक्त ‘ही कोण?’ एवढेच विचारले असते.

पण एवढ्याने प्रश्न सुटतो असे मात्र नाही. आमच्या गावात माणूस खोकल्यावरून ओळखतात. कोंडवळातही आवाज ओळखणारे कान असतीलच. शिवाय एका गावची कुजबूज परदेशी प्रेक्षकांपर्यंत न्यावी आणि गावाच्या पदरी काय पडावे, हा प्रश्न अशा कोणत्याही चित्रकर्त्याला चुकत नाही. चेहरा झाकणे हे त्याचे पूर्ण उत्तर नव्हे.

आपल्याकडे दर्शन म्हणतात ते एकतर्फी नसते. आपण देवाला पाहतो, तसा देवही आपल्याला पाहतो. म्हणून तर उंबऱ्याशी आपण पदर-उपरणे सावरतो. यंत्रामागे उभा राहणारा तेवढा न दिसता पाहतो. ज्याला आपल्या माणसांविषयी काही करावयाचे आहे त्याने निदान समोर येऊन बसावे, आपण ऐकत आहोत हे सांगावे, आणि ‘नको’ म्हटले तर उठून जावे. त्या बाई बोलत होत्या त्या देवाशी. खांबाआड दुसरा कान आहे हे त्यांना ठाऊकच नव्हते. आमच्या मते दोष तेथे होता.

देवस्थान समितीने आता चित्रीकरणास मनाई करणारी पाटी लावली आहे. आम्हीही तिच्या बाजूने मत दिले, आणि तरी मन स्वस्थ नाही. कारण अग्रशाळेत अबोलीचे वळेसर गुंफीत बसणाऱ्या आजींना विचारून, त्यांच्याजवळ दोन दिवस बसून, त्यांचे हात टिपू पाहणारी एक मुलगीही त्या पाटीमुळे परत गेली.

त्या बाई श्रावणात पुन्हा कौलास आल्या होत्या. भटजींनी हात जोडले तेव्हा त्यांनी आधी मागे वळून खांबाकडे पाहिले.