धुक्यात कोण दिसतं?

रामसे बंधूंचा 'दो गज़ ज़मीन के नीचे' १९७२ साली आला. चित्रीकरण आमच्या सातारा जिल्ह्यात, महाबळेश्वरला झालं. पैसा बेताचा, पण धुकं फुकट. भयपटाला धुक्याहून जास्त फारसं काही लागत नाही, असं माझं मत.

कारण आपला डोळा. नजरेच्या ऐन मध्यावर रंग आणि बारकावे टिपणाऱ्या पेशींची दाटी असते. अंधुक उजेडात त्या जवळजवळ निकामी ठरतात. तेव्हा काम करतात त्या कडेच्या पेशी. म्हणून काळोखात कोपऱ्यात काहीतरी दिसतं आणि रोखून पाहिलं की नाहीसं होतं. भुताचं लक्षण आपण हेच सांगतो ना! 'तुंबाड'चा (२०१८) छायालेखक पंकज कुमार कंदिलाच्या उजेडापलीकडचं बरंचसं काळंच ठेवतो. तिथे काय आहे ते आपण भरतो.

पण कशानं भरतो? हाताशी असलेल्या साच्यानं. 'वो कौन थी?'पासून (१९६४) तो साचा ठरलेला आहे: पांढरी साडी, रात्र, एकटी बाई. पुढे मोकळे, पिंजारलेले केस आले. पांढरी साडी हा कित्येक घरांत विधवेचा वेश होता. आणि तसे केस म्हटले की सातारा-सांगलीकडे जट आलेली बाई आठवते. दाभोलकरांच्या अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते घरच्यांची समजूत घालून अशा जटा कापतात.

पसरणी घाटात एकदा धुक्यात रस्त्याकडेला बाई उभी दिसली. हात दाखवत होती. आमच्या जीपवाल्यानं वेग वाढवला. मागच्या सीटवर कुणीतरी रामरक्षा सुरू केली. मी थांबायला सांगेपर्यंत वळण गेलं होतं. तिच्या हातात बाजाराची पिशवी होती.

हळदीत चुना मिसळला की कुंकवासारखा लाल रंग येतो, हे समितीनं गावोगाव दाखवलं. ते एकदा कळलं की बुवाचा चमत्कार संपतो. सिनेमातली भीती तशी संपत नाही. युक्ती ठाऊक असूनही अंग दचकतंच, विचार मागून येतो. 'प्रेक्षक समजून-उमजून तिकीट काढतो' हा बचाव मला म्हणूनच अपुरा वाटतो. प्रेक्षकानं संमती दिली, खरं. जिचा आकार उसना घेतला, तिला कुणी विचारलं?

भयपट मला आवडतात, 'तुंबाड' तर फारच. त्यातल्या भयंकर आजीच्या मेकअपखाली मोहम्मद समद हा मुलगा होता. हे माहीत असूनही दुसऱ्यांदा बघताना मला दिसली ती म्हातारीच.