साडेतीन वर्षांचा पगार, वीस वर्षांचा कागद

चाकणच्या मोठ्या कारखान्यांत वेतन करार साधारण तीन ते साडेतीन वर्षांचा होतो. करार झाला की गेटवर गुलाल उधळतो, पेढे वाटले जातात आणि पुढच्या एक-दोन दिवसांत पुण्याच्या वर्तमानपत्रात फोटो येतो: अमुक कंपनीत इतक्या हजारांची पगारवाढ. ही वाढ एकदम हातात येत नाही. थोडी पहिल्या वर्षी, थोडी दुसऱ्या, उरलेली तिसऱ्या. पण मागच्या महिन्यांचा फरक एकरकमी मिळतो, आणि तो पुष्कळदा फ्लॅटच्या डाउन पेमेंटमध्ये जातो. मग मोशी, चिखली नाहीतर मेदनकरवाडीत बुकिंग, बँकेत फाइल, आणि वीस वर्षांच्या कागदावर सही. चौथ्या वर्षी आपला पगार किती असेल हे ज्याला सांगता येत नाही, तो विसाव्या वर्षाचा शब्द देऊन मोकळा होतो. घरकर्ज किती महाग पडतं हे मोजताना आपण सगळे व्याजदराकडे बघतो. माझ्या मते आधी या दोन मुदतींमधल्या अंतराकडे बघावं.

आकडे मांडू. तीस लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के, वीस वर्षं. हप्ता २६,०३५ रुपये. शेवटचा हप्ता जाईपर्यंत बँकेला दिलेले असतात ६२ लाख ४८ हजार. म्हणजे तीस लाखांवर साडेबत्तीस लाख व्याज. इतपत बऱ्याच जणांना ठाऊक असतं, आणि ‘चालायचंच’ म्हणून सोडूनही दिलेलं असतं. ठाऊक नसतं ते आतलं. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजात जातात, मुद्दल उतरतं ४,७८५ रुपयांनी. पहिल्या वर्षात सव्वातीन लाखांच्या जरा आत भरणा होतो आणि कर्ज कमी होतं साठ हजारांनी. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षं लागतात. मुद्दल निम्म्यावर यायला तेरा वर्षं दहा महिने. कर्ज घेताना पोरगी बालवाडीत असेल, तर अर्धं फिटतं तेव्हा ती कॉलेजात असते.

यात बँकेची लबाडी काही नाही. शिल्लक मुद्दलावर व्याज, इतका साधा नियम आहे. मुद्दल सुरुवातीला सगळ्यात मोठं, म्हणून व्याजही तेव्हाच सगळ्यात जास्त. ‘भाडं म्हणजे पैसे पाण्यात’ असं सांगणारे लोक या पहिल्या वर्षाच्या अडीच लाखांच्या व्याजाला काय म्हणतात, हे विचारून बघावं. तेही भाडंच, घराऐवजी पैशाचं. म्हणून कोणी घर घेऊ नये असं मी म्हणणार नाही. ज्याने नाणेकरवाडीच्या दहा बाय दहाच्या खोलीत, सामाईक संडासाच्या रांगेत दिवस काढले आहेत, त्याला घराचा हिशेब निव्वळ रुपयांत समजावणं हा उद्धटपणा आहे. पण रुपयांतला हिशेब नीट मांडलेला असावा, एवढी तरी अपेक्षा ठेवावी.

आता मुदत बदलून बघा. तेच कर्ज, तोच दर, पंधरा वर्षं: हप्ता २९,५४२, व्याज सव्वातेवीस लाखांच्या जरा खाली. तीस वर्षं केली तर हप्ता २३,०६७, व्याज ५३ लाख. विसाची तीस वर्षं केल्यावर हप्ता तीन हजारांनी हलका होतो आणि व्याज साडेवीस लाखांनी वाढतं. दरात पाव टक्का कमी मिळावा म्हणून माणसं चार बँकांचे उंबरे झिजवतात. मुदतीचा रकाना मात्र समोरचा एजंट भरतो. ‘किती हप्ता झेपेल?’ एवढंच तो विचारतो, आणि त्या उत्तरात बसेल अशी मुदत लिहितो.

बरं, लिहिलेली मुदत तरी तशीच राहते का? २०२० च्या मे महिन्यात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवर आला आणि दोन वर्षं तिथेच राहिला. त्या काळात ६.७० टक्क्यांच्या आसपास घरकर्ज मिळत होतं. तीस लाखांना वीस वर्षांसाठी २२,७२२ रुपये हप्ता. मे २०२२ मध्ये दर वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० टक्क्यांवर जाऊन थांबला. २०१९ च्या ऑक्टोबरपासून बँकांची नवी तरत्या दराची घरकर्जं बाहेरच्या दराशी, बहुतेक ठिकाणी रेपोशीच, बांधलेली. त्यामुळे अडीच टक्के जसेच्या तसे कर्जदाराच्या अंगावर आले. ६.७० चे झाले ९.२०. एका वर्षात मुद्दल उतरून सव्वाएकोणतीस लाख झालं असेल, तर ९.२० टक्क्यांनी महिन्याचं व्याज २२,४२५. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला उरतात २९७ रुपये. त्या गतीने ते कर्ज फिटायला सत्तेचाळीस वर्षं लागतात.

दर वाढला की हप्ता तोच ठेवायचा आणि मुदत लांबवायची, ही बँकांची जुनी रीत. २००४ च्या सुमारास साडेसात-आठ टक्क्यांनी घेतलेली तरत्या दराची कर्जं २००८ पर्यंत अकरा-बारा टक्क्यांवर गेली, तेव्हाही हेच झालं होतं. खात्यातून जाणारी रक्कम बदलत नाही, त्यामुळे घरात कोणाच्या लक्षातही येत नाही. मुदत निवृत्तीच्या वयापलीकडे जायला लागली तरच बँक हप्ता वाढवते. वरच्या उदाहरणात उरलेल्या एकोणीस वर्षांतच फेडायचं ठरवलं, तर हप्ता २७,२०० च्या घरात जातो. महिन्याला साडेचार हजार जास्त. हे साडेचार हजार आणायचे कुठून? चाकणमध्ये याचं उत्तर सगळ्यांना माहीत आहे: ओटी, म्हणजे ओव्हरटाइम. सेकंड शिफ्ट संपवून पुढे चार तास थांबायचं. कर्जाच्या किमतीतला हा भाग कुठल्याच तक्त्यात येत नाही. हप्ता असलेला माणूस ओटीला नाही म्हणत नाही, सुपरवायझरशी वाद घालत नाही, आणि संपाची गोष्ट निघाली की आधी महिन्याची पाच तारीख मोजतो. हप्तेवाला कामगार कंपनीला सोयीचा असतो, हे उघडपणे बोललं जात नाही एवढंच.

इथे एक प्रामाणिक आक्षेप येतो. वीस वर्षांनंतरचे सव्वीस हजार म्हणजे आजचे सव्वीस हजार नव्हेत. महागाई दरसाल पाच टक्के धरली, तर त्या ६२ लाख ४८ हजारांची आजच्या रुपयांतली किंमत साडेएकोणचाळीस लाखांच्या आसपास भरते. म्हणजे तीस लाखांचं घर दुप्पट किमतीला पडलं, ही ओरड अर्धीच खरी. महागाई कर्जदाराच्या बाजूने काम करते. अट एकच: पगार महागाईबरोबर वाढला पाहिजे. करारातल्या पर्मनंट कामगाराचा वाढतो. पहिली पाच वर्षं दम काढला की हप्ता हलका वाटू लागतो, हा त्याचा अनुभव खोटा नाही. पण त्याच लाइनवर त्याच्या शेजारी उभा असलेला कंत्राटी पोरगा सात महिन्यांनी ब्रेक घेतो, ठेकेदार बदलतो, आणि पुन्हा मूळ पगारावर येतो. त्याच्यासाठी विसाव्या वर्षीचा हप्ता पहिल्या वर्षाइतकाच जड असतो. एकाच इमारतीत, एकाच दराने, एकाच रकमेचं कर्ज दोघांनी घेतलं तरी ते दोघांना सारखं पडत नाही. शिवाय कंत्राटी कामगाराला बँक सहसा दारात उभं करत नाही. मग गुंठा-दोन गुंठ्यांची एन.ए. नसलेली जागा, पतसंस्था, भिशी, सासऱ्याकडून उसने. जो जास्त डळमळीत, त्यालाच पैसा जास्त महाग मिळतो.

आणि पर्मनंटचा भरवसा तरी किती वर्षांचा? तळेगावचा जनरल मोटर्सचा कारखाना २००८ मध्ये सुरू झाला आणि २०२० च्या डिसेंबरात तिथलं उत्पादन थांबलं. हजाराहून जास्त कामगारांचा प्रश्न पुढे कोर्टकचेरीत रेंगाळला. कारखाना नंतर ह्युंदाईने घेतला, तिथे आता पुन्हा गाड्या बनू लागल्या आहेत. पण २०१२ मध्ये वीस वर्षांचं कर्ज काढलेल्या माणसाच्या हप्त्यांना मधल्या काळाशी काही देणंघेणं नव्हतं. त्याआधी २००७ मध्ये बजाजने आकुर्डीतली वाहननिर्मिती थांबवली, तोवर कंपनीचा चाकणचा कारखाना चांगला चालू लागला होता. या पट्ट्यात कारखाने येतात, जागा बदलतात, हात बदलतात. कारखान्याच्या आयुष्याची हमी कोणी देत नाही. कारखाना बारा वर्षांत बंद पडू शकतो आणि कर्ज वीस वर्षं चालतं, हा विचार मंजुरीच्या कागदात कुठे केलेला असतो? तिथे पगाराच्या शेवटच्या तीन स्लिपा असतात.

आपल्याकडे कर्जाच्या किमतीला मर्यादा घालणारा एक जुना नियम होता, दामदुपटीचा. एका वेळी वसूल करायचं थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. मुंबई इलाख्यात इंग्रजांच्या न्यायालयांनीही तो मानला. आपलं वरचं कर्ज, तीस लाखांवर साडेबत्तीस लाख व्याज, या नियमात बसतं का? बसतं, कारण दामदुपट थकलेल्या व्याजाला लागते, दरमहा भरलेल्या व्याजाला नाही. हप्तेबंदीत व्याज साचतच नाही. ते महिन्याच्या महिन्याला उचललं जातं, म्हणून ते मुद्दल ओलांडून गेलं तरी नियम मोडत नाही.

याच पुणे जिल्ह्यात, सुप्याला, १२ मे १८७५ रोजी शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर चाल केली. शिरूरपासून नगरकडच्या गावांपर्यंत ते लोण पोचलं. माणसं मारणं हा त्यांचा उद्देश नव्हता. त्यांना खतं, रोखे, चोपड्या हव्या होत्या, आणि मिळाल्या तिथे त्यांनी त्या जाळल्या. हिशेब वाचता येत नव्हता, पण तो आपल्या विरुद्ध लिहिला जातोय हे कळत होतं. मग चौकशी आयोग बसला आणि १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या जिल्ह्यांसाठी. खेड तालुका, म्हणजे चाकणही, त्यात आलं. त्यात कोर्टाला रोख्यावरच्या आकड्यामागे जाऊन व्यवहाराचा इतिहास तपासायचा अधिकार होता आणि मुद्दल व व्याज यांची खाती वेगळी मांडायची होती. भरलेल्या पैशाची पावती आणि वर्षाला हिशेबाचा उतारा मागायचा हक्क शेतकऱ्याला मिळाला. सावकारांनी वाटा शोधल्याच, गहाणखताऐवजी खरेदीखतं करून घेतली, तो भाग वेगळा.

१८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने तरत्या दराच्या कर्जांबद्दल एक परिपत्रक काढलं. दर वाढला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. स्थिर दरावर जायची वाट द्यायची (ही सक्ती २०२५ पर्यंतच होती), पूर्ण किंवा थोडं आगाऊ भरू द्यायचं. लांबवलेल्या मुदतीत हप्ता व्याजालाही अपुरा पडता कामा नये. आणि दर तिमाहीला उतारा द्यायचा: आजवर मुद्दल किती वसूल झालं, व्याज किती, हप्ते किती राहिले. एकशे चव्वेचाळीस वर्षांनी पुन्हा तीच मागणी, मुद्दल वेगळं दाखवा आणि व्याज वेगळं दाखवा. फरक इतकाच की सुप्याच्या शेतकऱ्याला चोपडी वाचता येत नव्हती. आपल्याला वाचता येतं, आणि उतारा मोबाइलवर न उघडता पडून राहतो.

तो उघडावा, कारण त्यातल्या ‘उरलेले हप्ते’ या आकड्यावर काहीतरी करता येतं. वर्षातून एक हप्ता जादा भरला, दिवाळीच्या बोनसमधून किंवा कराराच्या फरकातून, तर आपल्या तीस लाखांच्या उदाहरणात वीस वर्षांची साधारण साडेसोळा होतात आणि सहा लाखांच्या वर व्याज वाचतं. तरत्या दराच्या घरकर्जावर आगाऊ भरण्यासाठी बँकेला दंड लावता येत नाही. मात्र ‘हप्ता कमी करू की मुदत?’ असं बँकेने विचारलं तर मुदत म्हणायचं. २०२५ मध्ये रेपो खाली आला तेव्हाही हप्ता आहे तसाच ठेवणारे मुदतीत जिंकले.

बाकीचे खर्च पटकन सांगतो. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी खिशातून, कारण दहा लाखांवरच्या घरात बँक ती किमतीत धरत नाही. कर्जाबरोबर गळ्यात मारलेला विमा: साठ हजारांचा हप्ता कर्जातच मिसळला तर वीस वर्षांत तो सव्वा लाखाला पडतो. इमारत अर्धवट असेल तर ताबा मिळेपर्यंत भाडंही भरा आणि व्याजही. पिंपरी-चिंचवडला २०१९ पासून दिवसाआड पाणी, म्हणून सोसायटीच्या मेंटेनन्समध्ये टँकर. ‘व्याजावर टॅक्स वाचतो’ हा एजंटचा आवडता मुद्दा आता बऱ्याच कामगारांना लागूच नाही: नव्या करप्रणालीत स्वतःच्या राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही.

कर्ज फिटल्यावर बँकेने मूळ कागद तीस दिवसांत परत द्यायचे. उशीर तिच्यामुळे झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. ज्यांनी स्वतःच्या जागेवर घर बांधलंय त्यांचं तेवढ्यावर भागत नाही. सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात बँकेचा बोजा चढवलेला असतो, आणि शेवटचा हप्ता गेला म्हणून तो आपोआप उतरत नाही. बँकेचं कर्ज निरंक असल्याचं पत्र घेऊन तलाठ्याकडे किंवा ई-हक्क प्रणालीवर बोजा कमी करण्याचा अर्ज करावा लागतो. मग फेरफार, मग मंडळ अधिकाऱ्याची मंजुरी. पुष्कळ जण तो अर्ज करतच नाहीत. जमीन विकायची वेळ येते, नाहीतर भावाभावांत वाटणी निघते, तेव्हा कळतं की कर्ज केव्हाच फिटलंय आणि उताऱ्यावर बँक अजून आहे.