आधी नाव, मग कागद



स्थलांतरित आणि निर्वासित यांच्यासाठी वर्षातला एक दिवस राखून ठेवण्याची प्रथा ख्रिस्तसभेत १९१४ पासून आहे. २०१९ पासून हा दिवस साधारणपणे सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारी पाळला जातो. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासितांसाठी काम करणाऱ्या संस्थेने सांगितले आहे की, २०२४ सालच्या अखेरीस जगातील सुमारे १२ कोटी ३२ लाख माणसे युद्ध, छळ आणि हिंसाचार यांमुळे घरदार सोडून परागंदा झालेली होती. जवळजवळ आपल्या अख्ख्या महाराष्ट्राइतकी माणसे!

आकडा ऐकला. आता मनाला विचारून पाहा, डोळ्यांत पाणी आले का? मी माझ्यापुरते सांगतो, माझ्या आले नाही. आकड्याला चेहरा नसतो, आकड्याला भूक लागत नाही, आकडा आपल्या दारात उभा राहत नाही. म्हणून आज मी आकड्यांविषयी न बोलता पुस्तकांविषयी बोलणार आहे. निर्वासितांची कहाणी सांगणाऱ्या तीन पुस्तकांनी मला काय शिकवले आणि त्यांतल्या एका पुस्तकाने माझी चूक माझ्या पदरात कशी घातली, हे आपल्याला सांगायचे आहे.

पहिले पुस्तक आपल्या प्रत्येकाच्या घरात आहे. पवित्र बायबल हे एका अर्थाने निर्वासितांचेच पुस्तक आहे. अब्राहाम आपला देश सोडून निघाला. याकोबाचे मुलगे दुष्काळात धान्यासाठी इजिप्तला गेले आणि पुढे त्यांचे वंशज तिथे गुलाम झाले. मोशे त्यांना घेऊन वाळवंटात भटकला. यरुशलेम पडल्यावर लोकांना बाबिलोनला नेण्यात आले. आणि संत मत्तय सांगतो की, हेरोदाच्या तलवारीपासून बाळ येशूला वाचवण्यासाठी योसेफ आणि मरिया रातोरात इजिप्तकडे निघाले. परमगुरू बारावे पायस यांनी १९५२ साली स्थलांतरितांविषयी जो दस्तऐवज काढला, त्यात इजिप्तला पळालेले हे पवित्र कुटुंब म्हणजे जगातील प्रत्येक निर्वासित कुटुंबाचा आदर्श आणि आधार असल्याचे म्हटले आहे.

परंतु या मोठ्या ग्रंथात एक छोटेसे, चार अध्यायांचे पुस्तक आहे: रूथचे पुस्तक. वाचायला पाव तास पुरे. बेथलेहेम या नावाचा अर्थच भाकरीचे घर. त्या भाकरीच्या घरात दुष्काळ पडला. अलीमलेख आपली बायको नामी आणि दोन मुलगे यांना घेऊन मवाब देशात गेला. म्हणजे आधी परदेशी झाले ते आपले बेथलेहेमकर! मवाबने त्यांना राहू दिले, मुलांना बायका दिल्या. दहाएक वर्षांत घरातले तिन्ही पुरुष वारले. नामी गावी परत निघाली, तेव्हा तिची सून रूथ तिच्याबरोबर आली. आता पारडे फिरले. आता परदेशी होती ती रूथ.

बेथलेहेममध्ये सातूची कापणी चालू होती. मोशेच्या नियमशास्त्रात सांगितले होते की, शेताच्या कडेचे पीक पुरते कापू नये आणि खाली पडलेले वेचू नये. ते परक्याचे, अनाथाचे आणि विधवेचे. रूथ परकीही होती आणि विधवाही. ती सरवा वेचायला गेली. शेताचा मालक बवाज आला. त्याने काय केले ते नीट पाहा. ही कोण, कोणाची, अशी त्याने चौकशी केली. मवाबी आहे, परकी आहे, हे त्याला कळले. तरीही त्याने तिला मुली म्हणून हाक मारली, आपल्या घागरीतले पाणी पी म्हणून सांगितले, जेवणाच्या वेळी आपल्या माणसांत बसवले. आणि कापणी करणाऱ्यांना हळूच सांगून ठेवले की, पेंढ्यांतून थोडी कणसे मुद्दाम खाली टाका, तिला वेचू द्या.

बंधुभगिनींनो, सरवा देणे हा कायदा होता. मुद्दाम कणसे टाकणे हे मन होते. कायद्याने रूथ जगली असती, पण त्या मनामुळे ती त्या गावची झाली. पुढे ती दावीद राजाची पणजी झाली. संत मत्तयाने येशूची वंशावळ लिहिताना या परक्या बाईचे नाव गाळले नाही, आवर्जून लिहिले.

दुसरे पुस्तक आपल्या काळातले. खालेद हुसेनी यांचा जन्म १९६५ साली अफगाणिस्तानात काबूलला झाला. वडील परराष्ट्र खात्यात होते, १९७६ साली त्यांची नेमणूक पॅरिसला झाली. १९७९ च्या डिसेंबरात रशियन फौजा अफगाणिस्तानात शिरल्या, परतीची वाट बंद झाली आणि १९८० साली या कुटुंबाने अमेरिकेत आश्रय घेतला. मुलगा शिकून डॉक्टर झाला आणि २००३ साली त्याची 'द काइट रनर' ही कादंबरी प्रसिद्ध झाली. तिचा मराठी अनुवादही झाला आहे.

या कादंबरीतला बाप काबूलमधला बडा असामी. मोठे घर, नोकरचाकर, गावात शब्दाला मान. युद्ध आले आणि हाच माणूस आपल्या मुलाला घेऊन तेलाच्या टँकरच्या टाकीत लपून सीमा ओलांडतो. पुढे कॅलिफोर्नियात फ्रीमाँट येथे तो पेट्रोल पंपावर काम करतो. हात तेलकट, खोली लहान. पण सरकारी मदतीची कूपने घ्यायला तो तयार नाही, कारण त्याला लाज वाटते.

एके दिवशी तो नेहमीच्या दुकानातून संत्री घेतो आणि चेक देतो. दुकानदार, एक वृद्ध व्हिएतनामी गृहस्थ, त्याच्याकडे ओळखपत्र मागतो. झाले! बापाचा तोल सुटतो. आपल्याला चोर समजतात की काय, असे वाटून तो दुकानातला मासिकांचा स्टँड उलथून टाकतो. मुलगा दुकानदाराची माफी मागतो आणि आपल्याला काबूलची रीत सांगतो. तिथे झाडाची एक काठी तोडायची आणि ती घेऊन नानवाल्याकडे जायचे. जितक्या रोट्या, तितक्या खाचा तो सुरीने काठीवर पाडणार. महिनाअखेरीस खाचा मोजून पैसे. ना सही, ना कागद. माणसाचा शब्द हेच ओळखपत्र.

चूक दुकानदाराची होती का? नाही. नियमाप्रमाणे त्याने विचारले. पण ज्याचे गाव, घर आणि मान एका रात्रीत गेला, त्याला 'कागद दाखवा' हे दोन शब्द कुठे लागतात, ते हे पान वाचल्यावर कळते. आणखी एक गोष्ट. तो दुकानदार अमेरिकेत कसा आला हे कादंबरी सांगत नाही. पण १९७५ नंतर लाखो व्हिएतनामी लोक देश सोडून गेले, त्यांतले कितीतरी मोडक्या होड्यांतून. त्यांचेच हाल पाहून येशूसंघाचे तेव्हाचे प्रमुख फादर पेद्रो अरुपे यांनी १९८० साली निर्वासितांसाठी जेझुइट सेवासंस्था सुरू केली. म्हणजे कागद मागणाराही परका आणि कागद नसणाराही परका. काल आलेला आज आलेल्याला दारात उभे करतो!

आता माझी गोष्ट सांगतो. हे पुस्तक मी वाचत होतो तेव्हाची. संध्याकाळी चर्चचे ऑफिस बंद करण्याच्या वेळी एक तरुण, त्याची बायको आणि तिच्या कडेवर तान्हे बाळ असे तिघे आले. झारखंडचे, जवळच्या बांधकामावर कामाला असलेले. आपल्यासारखेच कॅथोलिक. मोडक्यातोडक्या हिंदीत त्याने सांगितले की, बाळाचा बाप्तिस्मा करायचा आहे. मी विचारले, लग्नाचा दाखला आहे? तो गावी. तुमच्या धर्मगुरूंचे पत्र आहे? नाही. मी म्हणालो, कागद घेऊन या, मग पाहू. तो हात जोडून 'जी फादर' म्हणाला. तिघे गेले. मी दाराला कुलूप लावले, वर खोलीत आलो आणि पुस्तक उघडले. त्या रात्री मी त्या संत्र्यांच्या पानावर पोहोचलो.

काबूलच्या त्या बापासाठी माझे डोळे भरून आले होते. आणि एकाएकी ध्यानात आले की, दोन तासांपूर्वी तोच बाप माझ्या टेबलासमोर उभा होता. उभाच होता, कारण मी त्याला बसायलाही सांगितले नव्हते.

दुसऱ्या दिवशी मी बांधकामावर गेलो. मुकादमाने सांगितले, ती टोळी सकाळीच दुसऱ्या कामावर हलवली, कुठे ते त्याला ठाऊक नव्हते. चौकशी केली, पण ते कुटुंब मला सापडले नाही. आजही मी त्या बाळासाठी प्रार्थना करतो. पण नाव घेऊन करता येत नाही. कारण बाळाचे नाव मी विचारलेच नाही.

नोंदवहीचे नियम चुकीचे आहेत असे मी म्हणत नाही. दाखले लागतात आणि ते का लागतात हेही मला ठाऊक आहे. पण बवाजानेही चौकशी केलीच होती. फरक एवढाच की, चौकशी झाल्यावर त्याने पाण्याची घागर पुढे केली, मी दार पुढे केले.

तिसरे पुस्तक बेहरूझ बुचानी यांचे. हे इराणमधील कुर्दी पत्रकार. जिवाच्या भीतीने देश सोडून २०१३ साली इंडोनेशियातून होडीने ते ऑस्ट्रेलियाच्या हद्दीत पोहोचले. तिथून त्यांना पापुआ न्यू गिनीतील मानुस बेटावरच्या छावणीत धाडण्यात आले आणि ते काही वर्षे तिथे अडकून पडले. छावणीत माणसांना नावाने नव्हे, क्रमांकाने ओळखत. बुचानींनी काय करावे? त्यांनी मोबाइलवर फारसी भाषेत थोडे थोडे लिहायला घेतले आणि तो मजकूर संदेशांच्या रूपात बाहेर पाठवत राहिले. २०१८ साली त्याचे इंग्रजी पुस्तक झाले. २०१९ च्या जानेवारीत त्याला ऑस्ट्रेलियातला एक मोठा साहित्य पुरस्कार मिळाला. गंमत पाहा, पुस्तकाला त्या देशात मान मिळाला, पण लेखकाला तिथे पाऊल ठेवण्याची परवानगी नव्हती!

ज्याला क्रमांक दिला होता, त्याने पुस्तकावर आपले नाव छापून घेतले. निर्वासितांची पुस्तके का वाचायची, याचे उत्तर मला इथे मिळाले. ती आपल्याला माणसाचे नाव परत देतात. पण पुस्तक तिथवरच नेऊ शकते. पुढचे पाऊल आपले. नाहीतर पुस्तकातल्या परक्यासाठी रडायचे आणि दारातल्या परक्याला परत पाठवायचे, असे होते. माझे झाले तसे.

दिवंगत परमगुरू फ्रान्सिस हे २०१३ च्या जुलैत लाम्पेदुसा बेटावर गेले होते. आफ्रिकेतून होड्यांनी येताना समुद्रात बुडालेल्या लोकांसाठी त्यांनी तिथे मिस्सा अर्पण केली आणि जगाला प्रश्न केला की, या लोकांसाठी आपल्यापैकी कोण रडले? मला वाटते, आपण त्यापुढे आणखी एक प्रश्न स्वतःला विचारायला हवा. रडल्यानंतर आपण काय केले?

कोणी म्हणेल, फादर, निर्वासितांशी आपला काय संबंध? १९९० साल आठवा. इराकने कुवेत घेतले आणि तिथे पोटापाण्यासाठी गेलेले भारतीय एका रात्रीत निराधार झाले. सुमारे १ लाख ७० हजार भारतीयांना विमानाने मायदेशी आणावे लागले, बहुतेकांना जॉर्डनमधील अम्मानमार्गे. आजही आपल्या घराघरांतली मुले दुबईला, मस्कतला, कॅनडाला आहेत. तिथल्या चर्चमध्ये पहिल्या रविवारी कोणी त्यांच्याशी दोन शब्द बोलावे, असे त्यांच्या आईला वाटत नाही का? तसेच आपल्या चर्चमध्ये शेवटच्या बाकामागे जी अनोळखी मुले उभी असतात, त्यांच्याही आया कुठेतरी आहेत. पोटासाठी आलेला मजूर आणि जिवासाठी पळालेला निर्वासित एक नव्हेत, हे मला कळते. पण दारातला परकेपणा दोघांचा सारखाच असतो.

म्हणून तीन साध्या गोष्टी करू या. एक, या आठवड्यात घरी रात्रीच्या रोझरीनंतर रूथच्या पुस्तकाचा एकेक अध्याय वाचा. चार रात्रींत ते संपेल. दोन, पुढच्या रविवारी मिस्सा संपल्यावर घाईने बाहेर पडण्याआधी एका अनोळखी माणसाला त्याचे नाव विचारा आणि आपले सांगा. तीन, ही माझी स्वतःची जबाबदारी. आपल्या ऑफिसात आता टेबलासमोर दोन खुर्च्या आणि पाण्याचा तांब्या ठेवलेला आहे. जो येईल तो आधी बसेल, नाव सांगेल. दाखला नसेल तर त्याच्या गावच्या धर्मग्रामाला पत्र आपण लिहू, फोन आपण करू. तुम्हाला बांधकामावर, कारखान्यात, शेजारच्या चाळीत असे कुटुंब आढळले, तर त्यांना घेऊन या.

शेवटच्या दिवशी राजा आपल्याला काय विचारणार आहे, हे संत मत्तयाच्या पंचविसाव्या अध्यायात येशूने आधीच सांगून ठेवले आहे. मी परका होतो, तेव्हा तुम्ही मला घरात घेतले का? तो आपल्याकडे कागद मागणार नाही. तो आपल्याला नावाने हाक मारील. त्या वेळी आपल्यालाही कोणाची तरी नावे सांगता यावीत.

हे प्रभू, तू लहानपणी परदेशात वाढलास. आमच्या दारात येणाऱ्या प्रत्येक परक्यात तुला ओळखण्याची दृष्टी आम्हांला दे. आणि ज्या बाळाचे नाव मला ठाऊक नाही, पण तुला ठाऊक आहे, त्याला तू सांभाळ. आमेन.

आपला,
प्रमुख धर्मगुरू