विद्रोहाचे दत्तकविधान

एखादी चळवळ एका गावाहून दुसऱ्या गावी जाते तेव्हा त्या प्रवासाचे वर्णन करण्यासाठी भाषेने जी क्रियापदे राखून ठेवली आहेत ती विचार करण्याजोगी आहेत. बंड पेटते, वणव्यासारखे पसरते, त्याची लागण होते, साथ येते. यांपैकी एकाही क्रियेला मनुष्य कर्ता नाही. १८५७ च्या उठावाविषयी लिहिताना कंपनी सरकारच्या बाजूच्या लेखकांनी रोगाची उपमा निंदेसाठी वापरली. पुढे त्याच उठावाचा गौरव करणाऱ्यांनी ज्वालेची उपमा स्तुतीसाठी वापरली. हेतू परस्परविरुद्ध असले तरी दोन्ही उपमांचा परिणाम एकच होतो. वाळलेल्या गवताने पेटावे की नाही हा प्रश्न गवताला कोणी विचारीत नाही, आणि पेटल्याबद्दल त्याला कोणी जाबही विचारीत नाही.

मराठीत याच अर्थाने रूढ असलेला आणखी एक शब्द मात्र वेगळ्या जातीचा आहे. चळवळीचे ‘लोण’ पोहोचले, असे आपण म्हणतो. हा शब्द आट्यापाट्यांच्या खेळातही आहे. तेथे लोण वाऱ्याबरोबर येत नाही. पाट्या धरून उभ्या असलेल्या गड्यांना चुकवून, बाद होण्याचा धोका पत्करून, कोणीतरी ते न्यावे आणि आणावे लागते. आग आपोआप पुढे सरकते. लोण माणसे आणतात. या दोन कल्पनांमधील अंतर हे केवळ अलंकाराचे अंतर नाही, नैतिक उत्तरदायित्वाचे आहे. ते तपासून पाहण्यास झाशीइतके योग्य स्थळ क्वचितच सापडेल.

मेरठच्या शिपायांनी १० मे १८५७ रोजी शस्त्र उचलले. दुसऱ्या दिवशी ते दिल्लीत होते. झाशीच्या छावणीत मात्र बाराव्या देशी पायदळाचे शिपाई उठले ते ५ जून रोजी. मधल्या सव्वीस दिवसांत बातमी झाशीला ठाऊक नव्हती असे म्हणता येत नाही. बातमी पोहोचली होती, छावणी शांत होती आणि तेथील अधिकारी निर्धास्त होते. वणव्याला असा अवधी लागत नाही. हा अवधी विचाराचा होता: कानोसा घेण्याचा, दुसऱ्या पलटणींचे काय ठरते आहे ते पाहण्याचा, भिण्याचा आणि भीती ओलांडण्याचा. याच पलटणीचा दुसरा भाग नौगावच्या छावणीत होता. झाशीनंतर पाच दिवसांनी, १० जूनला, तोही उठला. विद्रोह नकाशावरील अंतर कापीत सरळ रेषेत गेला नाही. ओळखीच्या, नात्याच्या आणि नोकरीच्या आधीच मळलेल्या वाटांनी तो गेला.

अशा वाटा अनेक होत्या. १८५७ च्या आरंभी उत्तर हिंदुस्थानात एका गावच्या चौकीदाराकडून दुसऱ्या गावच्या चौकीदाराकडे गव्हाच्या पोळ्या फिरल्या. त्यांचा अर्थ काय, हे त्या नेणाऱ्यांनाही निश्चित सांगता आले नाही. तरी काहीतरी घडणार आहे एवढी जाणीव त्या मागे ठेवून गेल्या. फ्रान्समध्ये १७८९ च्या उन्हाळ्यात खेडोपाडी पसरलेल्या भयाचा माग जॉर्ज लफेव्र या इतिहासकाराने काढला, तेव्हा अफवासुद्धा रस्त्यांनी, माणसांच्या तोंडून, ठरावीक क्रमाने जातात, असेच त्याला आढळले. रणजित गुहा यांनी हिंदुस्थानातील शेतकऱ्यांच्या उठावांचा अभ्यास करताना अफवेला याच दृष्टीने महत्त्व दिले. मुखोद्गत वार्तेला कर्ता सापडत नाही. म्हणूनच ती ऐकणारा प्रत्येकजण थोडाफार तिचा कर्ता होतो.

झाशीपुरते बोलायचे तर आणखी एक वाट होती, ती मराठी माणसांची. नेवाळकरांचे घराणे मूळ कोकणातले. त्यांची एक शाखा खानदेशात पारोळ्यास. राणी लक्ष्मीबाईंचा जन्म काशीचा आणि बालपण ब्रह्मावर्ती, पदच्युत पेशव्यांच्या आश्रयाने. पुणे, ब्रह्मावर्त, ग्वाल्हेर, झाशी, काशी यांना जोडणारे हे जाळे भिक्षुकांचे, कारकुनांचे, सोयरिकींचे होते. पेणजवळच्या वरसईचे विष्णुभट गोडसे याच जाळ्याच्या आधाराने दक्षिणेच्या आशेने उत्तरेस निघाले. बंडाशी त्यांचा काही संबंध नव्हता. बंडाची वार्ता त्यांना वाटेत लागली आणि अखेर झाशीच्या वेढ्यात ते प्रत्यक्ष सापडले. पुढे पाव शतकाने त्यांनी लिहिलेली हकीगत ‘माझा प्रवास’ या नावाने १९०७ मध्ये चिंतामणराव वैद्य यांनी प्रसिद्ध केली. या पुस्तकाचे मोल एवढ्यासाठीही आहे की, विद्रोह माणसाजवळ कसा येतो हे एका अनिच्छुक प्रवाशाच्या डोळ्यांनी त्यात पाहावयास मिळते.

परंतु वाट असली म्हणजे लोण पोहोचतेच असे नाही. ग्वाल्हेरही त्याच जाळ्यातले. तेथील फौज उठली, पण जयाजीराव शिंदे इंग्रजांच्या बाजूस राहिले. ओरछा तर झाशीच्या शेजारी; तेथील सैन्य १८५७ च्या पावसाळ्यानंतर चालून आले ते इंग्रजांवर नव्हे, झाशीवर. एकच बातमी एका दरबारी संकट ठरली, दुसऱ्या दरबारी संधी. बाहेरून येते ती शक्यता; तिचा अर्थ स्थानिक दुःख ठरविते.

झाशीचे दुःख दत्तकाचे होते. गंगाधररावांनी मृत्यूच्या आदल्या दिवशी पाच वर्षांचा आनंद दत्तक घेतला, त्याचे नाव दामोदरराव ठेवले आणि २१ नोव्हेंबर १८५३ रोजी ते निवर्तले. पुढील वर्षी लॉर्ड डलहौसीने हे दत्तकविधान राज्यापुरते अमान्य करून झाशी खालसा केली. खासगी मालमत्तेपुरता हा मुलगा वारस, गादीपुरता नाही, असा तो निवाडा होता. राणींना दरमहा पाच हजारांचे वेतन मिळाले, आणि त्याच वेतनातून पतीचे कर्ज फेडण्याचा तगादाही मागे लागला. धर्मशास्त्राची भूमिका याहून पुष्कळच उदार होती. पुत्रत्व केवळ जन्माने येत नाही. देणाऱ्याने दिले, घेणाऱ्याने विधिपूर्वक घेतले की दत्तक पुत्र हा पुत्रच होतो. पिंडाचा अधिकार त्याला, आणि पित्याच्या ऋणाचे ओझेही त्यालाच.

येथे एक साम्य लक्षात येते. झाशीतील उठाव मेरठ-दिल्लीहून आला, म्हणून तो झाशीचा नव्हे, असे जे म्हणतात ते नकळत डलहौसीचाच न्याय लावीत असतात. जे घरात जन्मले नाही ते घरचे नाही, हा तो न्याय. सत्ताधाऱ्यांना तो नेहमीच सोयीचा असतो. असंतोष बाहेरच्या चिथावणीखोरांनी आणला असे ठरले की घरच्या दुःखाची चौकशी करावी लागत नाही. जूनमध्ये झाशीत जी दवंडी फिरल्याचे सांगतात तिची रचना याचे उत्तर देण्यास पुरेशी आहे: खल्क खुदाका, मुल्क बादशाहका, राज राणी लक्ष्मीबाईका. यातील पहिली दोन पदे प्रवास करून आलेली आहेत. तिसरे पद झाशीत घातले गेले. चळवळ नव्या गावी रुजते ती या तिसऱ्या पदाने.

मात्र दत्तकाबरोबर ऋण येते, आणि या प्रश्नाची खरी कसोटी तेथेच आहे. ८ जून १८५७ रोजी अभयवचनावर विसंबून किल्ल्याबाहेर आलेले सुमारे साठ इंग्रज पुरुष, स्त्रिया आणि मुले यांची झोकनबागेत हत्या झाली. वणव्याची उपमा स्वीकारली तर या कृत्याला कर्ता उरत नाही. लोकक्षोभ होता, भडका उडाला, एवढेच म्हणून पुढे जाता येते. पण ज्या शिपायांना सव्वीस दिवस थांबण्याचे भान होते, त्यांना मुलांवर शस्त्र चालविताना भान नव्हते असे कसे म्हणावे? उठण्याचा निर्णय त्यांचा होता असे मानून त्यांचा गौरव करायचा, तर झोकनबागेचा निर्णयही त्यांचाच होता हे मानणे भाग आहे. श्रेयासाठी मनुष्य कर्ता आणि दोषासाठी निसर्ग कर्ता, अशी वाटणी विचाराच्या प्रामाणिकपणास शोभत नाही.

राणींचे त्या वेळचे वर्तन या दृष्टीने अधिक अर्थपूर्ण ठरते. शिपाई दिल्लीकडे निघून गेले. राणींनी १२ व १४ जून रोजी कमिशनर अर्स्किन याला पत्रे लिहिली. हत्येचा निषेध केला, शिपायांनी धमकावून आपल्याकडून पैसा घेतल्याचे कळविले. अर्स्किनने जिल्ह्याचा कारभार तूर्त पाहण्यास त्यांना सांगितले. १८५८ च्या आरंभापर्यंत त्यांचा इंग्रजांशी पत्रव्यवहार सुरूच होता. पुष्कळ गौरवचरित्रांना ही पत्रे अडचणीची वाटतात. नायिका पहिल्या दिवसापासून रणात असावी अशी त्यांची अपेक्षा असते. वस्तुतः या पत्रांनी राणींची थोरवी उणी होत नाही. विद्रोह त्यांच्या दारात आणून टाकला गेला होता. तो त्यांनी मागितला नव्हता. त्यानंतरच्या महिन्यांत गादीवर हक्क सांगणाऱ्या पारोळ्याच्या सदाशिवरावांचा त्यांनी बंदोबस्त केला, ओरछ्याचा हल्ला परतविला, तोफा ओतविल्या, आणि आपल्या पत्रांना विश्वास मिळत नाही हे हळूहळू ओळखले. मार्चमध्ये सर ह्यू रोजची फौज तटापुढे आली तेव्हा लढण्याचा निश्चय हा आगीचा भडका नव्हता. नऊ महिने पर्याय पाहून, ते एकेक बंद झाल्यावर पूर्ण जाणतेपणाने केलेला तो स्वीकार होता. ज्याला खऱ्या अर्थाने दत्तकविधान म्हणावे ते हे.

तरीही एक प्रश्न शिल्लक राहतो, आणि तो गौरवाच्या भरात बुजू देता कामा नये. दत्तक घेणारा स्वतःसाठी घेतो. राज्यकर्ता विद्रोह पत्करतो तेव्हा तो साऱ्या नगरासाठी पत्करतो. वेढ्यात झाशीच्या स्त्रिया तटावर दारूगोळा पोहोचवीत होत्या, याची नोंद शत्रूनेही केली. त्यांचा स्वीकार कृतीतून दिसतो. परंतु एप्रिलच्या आरंभी शहर पडल्यावर जी कत्तल आणि लूट झाली तिच्यात ज्यांनी कशालाच होकार दिला नव्हता अशी माणसेही मारली गेली. गोडसे भटजींनी तिचे जे वर्णन केले आहे ते वाचताना शौर्यकथेचा स्वर टिकत नाही. झाशीचा ग्रंथसंग्रहही त्यात उद्ध्वस्त झाला. या संहाराचा दोष तो करणाऱ्यांचाच आहे, यात संशय नाही. पण चळवळ एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी नेणाऱ्याने, आणि ती घेणाऱ्यानेही, मूल्य कोण देणार हा प्रश्न स्वतःला विचारावाच लागतो. लोण आणणाऱ्या शिपायांनी दिल्लीची वाट धरली. वेढ्यात उरली ती झाशी.

पुढे झाशी हे नावच लोण झाले. बुंदेलखंडातील लोकगीते, १८९४ मधील पारसनिसांचे मराठी चरित्र, सुभद्राकुमारी चौहान यांची हिंदी कविता अशा मार्गांनी ते दूर गेले. १९४३ मध्ये सिंगापुरास आझाद हिंद सेनेत ‘झाशीची राणी’ पथक उभे राहिले. कॅप्टन लक्ष्मी स्वामिनाथन यांच्या नेतृत्वाखालील या पथकात मलायातील रबराच्या मळ्यांवर राबणाऱ्या तमिळ कुटुंबांतील पुष्कळ मुली होत्या. त्यांपैकी अनेकींनी झाशी तर नाहीच, हिंदुस्थानही पाहिला नव्हता. जन्माचा, भाषेचा वा प्रदेशाचा कोणताही धागा नसताना त्यांनी ते नाव घेतले आणि त्याबरोबर आलेले कष्ट व धोकेही घेतले. झाशी त्यांची होती का, असा प्रश्न विचारणाऱ्याने दामोदररावांच्या बाबतीत कोणता निवाडा योग्य होता, हे आधी ठरवावे.

विद्रोह कोठे जन्मला यावरून तो कोणाचा हे ठरत नाही. तो कोणी, किती जाणतेपणाने पत्करला आणि त्याच्या ऋणातील कोणता भाग आपला म्हणून मान्य केला, यावरून ते ठरते. झोकनबागेचे ऋण नाकारून तटावरच्या शौर्याचा वारसा सांगता येत नाही. आणि ज्या नगराने हा वारसा आपल्या रक्ताने राखला, त्याच्या दुःखाला ‘पसरले’ या एका कर्ताहीन क्रियापदात गुंडाळून ठेवणेही न्याय्य होणार नाही.