अकराव्या तासाचे पाचारण

‘पाचारण’ हा शब्द आपण बहुधा तारुण्याशी जोडतो. कुणी धर्मगुरू व्हावे, कुणी डॉक्टर, कुणी गायक, याचा निर्णय विशी-पंचविशीत व्हावा आणि पुढचे आयुष्य त्या निर्णयाला जागण्यात जावे, अशी आपली सर्वसाधारण धारणा असते. जो चाळिशीनंतर वाट बदलतो त्याच्याकडे आपण संशयाने पाहतो. तो चंचल असावा, नाहीतर हाती घेतलेल्या जबाबदारीला कंटाळलेला असावा, असा आपला तर्क धावतो. सोडलेले काम रोग्यांना बरे करण्याचे असेल आणि स्वीकारलेले काम तोंडाला रंग लावून रंगमंचावर उभे राहण्याचे असेल, तर हा संशय नैतिक आक्षेपाचे रूप घेतो. समाजाला ज्याची गरज आहे ते काम टाकून आपल्याला ज्याची ओढ आहे ते काम करण्याचा माणसाला अधिकार आहे काय?

हा प्रश्न केवळ तात्त्विक नाही. साताऱ्यात १६ नोव्हेंबर १९२७ रोजी जन्मलेल्या एका माणसाने तो आपल्या आयुष्यात प्रत्यक्ष सोडवला. डॉ. श्रीराम लागू हे एका डॉक्टरचे चिरंजीव. पुण्यात त्यांनी वैद्यकीचे शिक्षण घेतले. ते कान, नाक व घसा यांचे शल्यविशारद झाले, परदेशी जाऊन अधिक शिकले, पुण्यात त्यांनी व्यवसाय केला आणि पुढे आफ्रिकेत टांझानियातील टबोरा येथे रुग्णसेवा केली. नाटकाचा नाद त्यांना महाविद्यालयापासूनच होता. भालबा केळकरांच्या प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनमधून ते हौसेने भूमिका करीत. परंतु हौस वेगळी आणि आयुष्य वाहून टाकणे वेगळे. चाळिशी ओलांडल्यावर, १९६९ मध्ये, वसंत कानेटकरांच्या ‘इथे ओशाळला मृत्यू’पासून ते पूर्ण वेळ नट झाले. पुढच्याच वर्षी वि. वा. शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’मधील गणपतराव बेलवलकर त्यांनी उभा केला. निवृत्त, वृद्ध नटाची ही भूमिका करणारा माणूस व्यवसाय म्हणून रंगभूमीवर येऊन जेमतेम वर्ष झाले होते.

आज आपण म्हणतो, त्यांनी योग्यच केले. पण कशाच्या आधारावर? ‘नटसम्राट’ गाजले, ‘पिंजरा’, ‘सामना’, ‘सिंहासन’ हे चित्रपट लोकांच्या स्मरणात राहिले, १९७४ मध्ये पद्मश्री मिळाली, म्हणून? बर्नार्ड विल्यम्स या इंग्रज तत्त्वज्ञाने १९७६ साली नेमका हाच पेच मांडला. बायको आणि मुले मागे ठेवून चित्रकलेसाठी दूर बेटावर जाणाऱ्या गोगँसारख्या कलावंताचे उदाहरण त्याने घेतले. असा माणूस थोर चित्रकार ठरला तर आपण त्याला समजून घेतो. न ठरता तर त्याला स्वार्थी म्हणालो असतो. म्हणजे कृती एकच, आणि तिचा निवाडा मात्र नशिबावर सोपवलेला. विल्यम्सला यात माणसाच्या नैतिक जीवनाचे एक अटळ वास्तव दिसले. मला त्यात आपल्या निवाड्याचा आळस दिसतो. यशाने एखाद्याचे कौशल्य सिद्ध होते. त्याच्या निर्णयाची शुद्धता त्यावरून सिद्ध होत नाही. साताऱ्याचाच दुसरा एखादा डॉक्टर दवाखाना बंद करून नाटकात गेला असता आणि चार प्रयोगांनंतर विस्मरणात गेला असता, तरी त्याच्या निर्णयाला आपण तीच फूटपट्टी लावायला हवी.

फूटपट्टी शोधण्यापूर्वी आपल्या आक्षेपाचेच थोडे परीक्षण करू. नरेंद्र दाभोलकर हेही साताऱ्याचे. मिरजेच्या वैद्यकीय महाविद्यालयातून ते डॉक्टर झाले, साताऱ्यात त्यांनी काही वर्षे दवाखाना चालवला आणि नंतर तो बंद करून अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामाला स्वतःला वाहून घेतले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली. त्यांच्या मतांशी ज्यांचे पटत नाही तेदेखील ‘यांनी रुग्णांना का सोडले?’ असे विचारीत नाहीत. तेव्हा आपला आक्षेप वैद्यकी सोडण्याला नसतोच. ती कलेसाठी सोडण्याला असतो. समाजकार्य म्हणजे त्याग आणि कला म्हणजे चैन, असे समीकरण आपल्या मनात खोल रुजलेले आहे.

अल्बर्ट श्वाइट्झर यांच्या चरित्राकडेही आपण त्याच नजरेने पाहतो. धर्मशास्त्र आणि ऑर्गनवादन यांत नाव कमावलेल्या या माणसाने १९०५ मध्ये, वयाच्या तिसाव्या वर्षी, वैद्यकीच्या अभ्यासाला आरंभ केला आणि १९१३ मध्ये तो आफ्रिकेत लांबारेनेला गेला. संगीताकडून रुग्णालयाकडे गेलेला हा प्रवास आपल्याला चढणीचा वाटतो. आफ्रिकेतल्या रुग्णालयाकडून रंगभूमीकडे झालेला लागूंचा प्रवास उतरणीचा वाटतो. परंतु श्वाइट्झरने ऑर्गन टाकून दिला नव्हता. युरोपात वादनाचे कार्यक्रम करून तो रुग्णालयासाठी पैसा उभा करीत असे. पहिल्या आयुष्यात जे मिळवले ते दुसऱ्या आयुष्याच्या कामी आले, आणि याच ठिकाणी आपल्याला हवी असलेली कसोटी सापडते.

उशिरा वाट बदलणारा माणूस काही ऋण मागे ठेवून निघतो. त्याला शिकवण्यासाठी समाजाने खर्च केलेला असतो, घरच्यांनी झीज सोसलेली असते, कुणीतरी त्याच्या भरवशावर असते. ते ऋण तो विसरतो, की नव्या कामातून त्याची परतफेड करतो, हा खरा प्रश्न आहे. लागूंनी नव्या क्षेत्रात सुखाची जागा शोधली नाही. विजय तेंडुलकरांचे ‘गिधाडे’ त्यांनी १९७० मध्ये दिग्दर्शित केले, ते सेन्सॉरशी झगडून. सत्तरी ओलांडल्यावर, १९९९ मध्ये, ‘सूर्य पाहिलेला माणूस’ या नाटकात ते सॉक्रेटिस म्हणून उभे राहिले. बाबा आढाव, निळू फुले आणि दाभोलकर यांच्या साथीने सामाजिक कृतज्ञता निधी उभारण्यात ते पुढे होते. पूर्ण वेळ सामाजिक काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना मानधन मिळावे म्हणून त्यांनी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करून पैसा जमवला. निधीचे नावच बोलके आहे. त्याला दान न म्हणता कृतज्ञता म्हटले आहे, आणि कृतज्ञता ऋणकोची असते.

येथे शुभवर्तमानातील द्राक्षमळ्याचा दाखला आठवतो. अकराव्या तासाला कामावर आलेल्यांनाही धन्याने दिवसभराची मजुरी दिली. आपण या दाखल्यातून धन्याचे औदार्य शिकतो, ते योग्यच. पण त्यातील एक बारकावा सहसा निसटतो. दिवसभर रिकामे का उभे राहिलात, असे विचारल्यावर त्या मजुरांनी दिलेले उत्तर आळशाचे नव्हते. आपल्याला कोणी कामावर लावलेच नाही, एवढेच ते म्हणाले. त्यांच्या उशिराचे कारण त्यांच्यात नव्हते, बाजारात होते.

लागूंना निदान निवड करता आली. हाती पदवी होती, पुरुष असल्यामुळे घराबाहेर पडायला कुणाची संमती लागत नव्हती. पण सांगलीच्या मातीकडे पाहा. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी तेथे ‘सीता स्वयंवर’ सादर केले. सीतेच्या स्वयंवराने सुरू झालेल्या या रंगभूमीच्या प्रतिष्ठित मंडळ्यांत पुढे कित्येक दशके सीता, शकुंतला, सुभद्रा पुरुषच होत राहिले. मिरजेत १९०५ साली जन्मलेल्या हिराबाई बडोदेकरांनी स्वतःच्या मंडळीतून स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच करण्याचा पायंडा पाडला, तेव्हा प्रतिष्ठितांच्या भुवया उंचावल्या होत्याच. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’त तारामती झालेल्या दुर्गा खोटे दोन मुलांची आई होत्या, आणि त्यांना त्या वाटेवर आणले ते हौसेने नव्हे, संसाराच्या गरजेने. मुले मोठी झाल्यावर, नवरा गेल्यावर किंवा नोकरीतून निवृत्त झाल्यावर प्रथमच पेटीवर बोट ठेवणारी, कवितेची वही उघडणारी, गावच्या नाटकात उभी राहणारी स्त्री आपल्या प्रत्येक धर्मग्रामात सापडेल. ‘आता या वयात?’ हा प्रश्न तिला पहिल्यांदा विचारतात ते बहुधा तिच्या घरचेच लोक. आणि सकाळपासून तिला कामावर न लावणारा बाजार म्हणजेही तेच असतात.

लागू ईश्वर मानीत नव्हते. परमेश्वर ही कल्पना आता निवृत्त करावी, असे त्यांनी जाहीरपणे लिहिले. तेव्हा त्यांच्या निर्णयाला ईश्वराचे पाचारण म्हणून त्यांना आपल्या मांडवात ओढून बसवणे अन्यायाचे होईल. त्यांनी आपल्या ओढीला तसे नाव दिले नाही आणि आपणही परस्पर देऊ नये. परंतु श्रद्धावंतांना त्यांच्यापासून अस्वस्थ होण्यासारखे पुष्कळ आहे. बोलावणारा कोणी आहे असे ज्याने मानले नाही, त्याने आपल्या कामाचा हिशेब इतका चोख ठेवला. आणि बोलावणारा आहे असे रोज प्रार्थनेत म्हणणारे आपण, वय झाले, वेळ गेली, लोक काय म्हणतील, या सबबींवर हाक परतवून लावतो.

१७ डिसेंबर २०१९ रोजी पुण्यात, वयाच्या ९२ व्या वर्षी, डॉ. लागू निवर्तले. पूर्ण वेळ नट होण्याच्या निर्णयानंतर त्यांना पन्नास वर्षे मिळाली. हे सर्वांना मिळत नाही. कुणाला पाच वर्षे मिळतील, कुणाला एकच प्रयोग. मळ्याच्या धन्याने मजुरी देताना तास मोजले नाहीत. आपल्या घरात कुणी उशिरा उठून मळ्याकडे निघाले असेल, तर आपणही ते मोजू नयेत. वाट मोकळी करून द्यावी, आणि इतका वेळ ती कुणी अडवली होती, याचा शांतपणे विचार करावा.