परसबागेतला चोर कोण?



आजचं चिंतन : भगवद्गीता, अध्याय ३, श्लोक १२.

या श्लोकात भगवंतांनी एक कडक शब्द वापरलाय : चोर. देवाकडून मिळालेल्यातलं काहीच परत न देता जो एकटा खातो, त्याला हे नाव दिलंय.

हा शब्द आपणही रोज वापरतो, पण दुसऱ्यासाठी. माझ्या घरामागं छोटी परसबाग आहे. मोरीच्या पाण्यावर अळू आणि केळ, कुंपणावर दोडक्याचा वेल, एक पेरू, थोडी हळद. पोपटानं पेरू टोकरला की तोंडातून पटकन निघतं, "चोर मेला!" झाड मी लावलं, पाणी मी घातलं, मग फळ माझं, असा हिशेब.

हिशेब खोटा नाही, अपुरा आहे. दोडक्याचं नर फूल वेगळं, मादी फूल वेगळं. माश्या-पतंग फिरकले नाहीत तर वेल नुसता फुलतो, दोडका धरत नाही. त्यांची मजुरी हिशेबात कुठं आहे? आपल्या वसमतकडचा शेतकरी सगळी हळद विकत नाही, पुढच्या हंगामाचं बेणं राखतो. परत देणं हा उपकार नाही, पुन्हा मिळण्याची ती अट आहे.

आपल्याच जिल्ह्यातल्या नर्सीचे नामदेव महाराज. कुत्र्यानं त्यांची भाकरी पळवली, ही कथा सगळ्यांना ठाऊक आहे. महाराज काठी नव्हे, तुपाची वाटी घेऊन मागं धावले. देवानं कोरडं खाऊ नये म्हणून. आपल्याला जिथं चोर दिसला असता, तिथं त्यांना पांडुरंग दिसला.

मग जाळी लावायचीच नाही का? जरूर लावा. वानरांची टोळी आली तर महिन्यांची मेहनत तासात जाते, आणि घरच्या लेकरांचा घासही देवाचाच आहे. श्लोक सगळं देऊन टाका म्हणत नाही, वाटा काढा म्हणतो. मात्र तो आधी काढायचा. नैवेद्य आपण जेवणाआधी दाखवतो, उरलंसुरलं देवापुढं ठेवत नाही. "उरलं तर देऊ" म्हटलं की कधीच उरत नाही.

आजचा संकल्प : शेंड्याची फळं पाखरांची, कुंपणाबाहेर लोंबणारी फांदी वाटसरूंची, पहिली मूठभर भाजी शेजारणीची. त्यानंतरचं आपलं, आणि ते प्रसाद म्हणून खायचं.

पांडुरंग हरी.